महालक्ष्मीच्या पोटातलं अंतराळयान

आमच्या घरच्या धाकट्या महालक्ष्मीच्या पोटाला वीतभर रुंदीचं गोल भोक आहे आणि ते मी पाडलेलं आहे. साडी नेसवली की दिसत नाही. माझ्या नातीला मात्र दरवर्षी ते बघायचं असतं. मग तिची आई स्वयंपाकघरात गुंतली की मी हळूच निऱ्या बाजूला सारून तिला दाखवते.

"आजी, हे कशानं पडलं?"

"विज्ञानानं," मी सांगते. खोटं कशाला बोलायचं?

तेव्हा मी लग्न होऊन नुकतीच वाटूरला आले होते. शिक्षण बारावी सायन्स. (काठावर. पण काठ सायन्सचा होता, हे मी सगळ्यांच्या लक्षात आणून द्यायची.) आमच्या ह्यांचं फाट्यावर मोटार रिवायंडिंगचं दुकान होतं. म्हणजे शेतकऱ्यांच्या विहिरीवरच्या मोटारी जळायच्या आणि आमची चूल पेटायची. सासूबाईंना मी आत्याबाई म्हणायची. घरात त्यांचा शब्द चालायचा आणि त्या फार शब्द वापरायच्या नाहीत.

त्या वर्षी जालन्याला डी.एड.ला माझा नंबर लागला. मी रोज एस.टी.ने जाऊन-येऊन शिकायची परवानगी मागितली. आत्याबाई शेंगा निवडत होत्या. निवडून झाल्यावर म्हणाल्या, "यंदा महालक्ष्म्या तू उभ्या कर. आरास बी तूच कर. बराबर झालं तर मंग बघू कॉलेजचं."

एखादी शहाणी सून असती तर तिने चार केळीचे खांब, दोन झिरमिळ्या आणि माफक फुलं लावून जालन्याची एस.टी. पकडली असती. मी सायन्सवाली होते. शास्त्र शिकलेल्या सुनेची आरास कशी असते ते दाखवून द्यायचं, असं मी ठरवलं.

त्या काळी रविवारी सकाळी टीव्हीवर एक मालिका लागायची. तिच्यात पाच-सहा माणसं चंदेरी कपडे घालून एका यानातून हिंडायची आणि दर रविवारी नव्या ग्रहावर अडकायची. (सगळे ग्रह एकाच टेकडीवर होते, हे मला फार उशिरा कळलं.) ते यान माझ्या मनात भरलं होतं. खाली पिंपासारखं गोल अंग, वर निमुळती होत गेलेली मान, मानेवर घुमट. घुमट सावकाश डावीकडे वळायचा, थांबायचा, मग उजवीकडे वळायचा, असा टेहळणी करायचा. पोटाला गोल खिडकी आणि खिडकीत लाल दिवा. महालक्ष्म्यांच्या मागे चांदण्यांचा पडदा आणि मधोमध हे यान, असं माझं चित्र तयार होतं.

प्रतिकृती करायची तर प्रमाण पाहिजे. टीव्ही होता शेजारच्या सुभद्राकाकूंकडे. रविवारी मी शिवणकामाची टेप घेऊन गेले आणि यान दिसलं की उठून पडद्याला टेप लावू लागले.

"काय गं," काकू म्हणाल्या, "टीव्हीला परकर शिवून राह्यली का?"

"यानाची उंची घेतेय, काकू."

"घे बाई. पण सर जरा, सगळा तुझा अंबाडाच दिसून राह्यलाय."

अडचण अशी झाली की यान एकदा बोटभर निघालं, एकदा वीतभर, आणि एकदा नुसतं दारच पडद्याबाहेर जाऊ लागलं. मी सरासरी काढली. मग यानाशेजारी उभा राहिलेला माणूस मोजला. त्याची खरी उंची सहा फूट धरून गणित केलं तर यान आमच्या घरापेक्षा मोठं यायला लागलं. म्हणून मी गणितातून माणूस काढून टाकला. (पुढे मी मुलांना गणितही शिकवलं. तो वेगळा विषय.)

आता अंग कशाचं करायचं? माळ्यावर गोधडीत गुंडाळलेली पत्र्याची दोन धुडं मला सापडली. खाली पिंप, वर निमुळती मान. हुबेहूब यान. जुन्या धान्याच्या कोठ्या दिसतात, पडून आहेत, असा मी विचार केला आणि त्यातलं जरा बुटकं धूड मागच्या खोलीत नेलं.

इथे माझ्या माहेराबद्दल सांगायला पाहिजे. आमच्याकडे महालक्ष्म्या खड्याच्या. पाणवठ्यावरून खडे आणायचे, पाटावर मांडायचे, पूजा करायची. देवीला पत्र्याचं अंग असतं, त्यात धान्य भरतात, वर मुखवटा बसवतात आणि बाहेरून साडी नेसवतात, हे मी ऐकून होते. पण साडीच्या आत काय असतं ते बघायची वेळ कधी आली नव्हती. सणाच्या दिवशी दुसऱ्याच्या घरी जाऊन कोण निऱ्या उचलून बघतं?

मी कामाला लागले. दुकानातली पत्रा कापायची कात्री आणली आणि पोटाला खिडकी पाडली. सगळ्याला चंदेरी रंग दिला. घुमट फिरायला पाहिजे म्हणून लग्नात आलेला टेबलफॅन उघडला, त्याची मान फिरवणारी मोटार काढली आणि यानाच्या मानेत बसवली. ती हलू नये म्हणून दुकानातला काळा मसाला थापला. हा मसाला वाळला की छिन्नीनेही निघत नाही. वर ॲल्युमिनियमचं पातेलं उपडं ठेवलं, खिडकीत लाल बल्ब लावला. सगळ्यांना चकित करायचं होतं, म्हणून खोलीला कडी.

"पंखा कुठंय?" ह्यांनी एकदा घाम पुसत विचारलं.

"दुरुस्तीला टाकलाय."

"कुणाकडं?"

गावात पंखे दुरुस्त करणारे एकटे हेच होते, हे मला बोलून झाल्यावर आठवलं.

"जालन्याला," मी म्हणाले.

त्या माणसाला बायकोने माहेरी निघून जाते म्हटलं असतं तरी इतकं लागलं नसतं. त्यांनी माझ्याशी बोलणंच टाकलं. मला ते बरंच पडलं, काम जोरात चाललं.

महालक्ष्म्या यायच्या दिवशी दुपारी आत्याबाई स्वयंपाकघरातून म्हणाल्या, "माळ्यावरल्या कोठ्या काढ. पुसून ठेव, साड्या नेसव. मुखवटे मी बसवते."

"कोणत्या कोठ्या?"

"आता कोणत्या म्हंजी? महालक्ष्म्यांच्या. गोधडीत बांधून ठेवल्यात बघ. थोरली अन् धाकटी."

मी मागच्या खोलीत गेले आणि यानाकडे बघत उभी राहिले. यानाने माझ्याकडे बघितलं नाही, कारण गावाला वीज देणारा डीपी सकाळीच जळाला होता.

ह्यांना बोलावण्याशिवाय इलाज नव्हता. ते दारात आले आणि थांबले.

"हे काय करून राह्यली तू?"

"यान आहे. टीव्हीतलं."

"ही आपली धाकटी हाय."

"मला काय माहीत? आमच्याकडं खड्याच्या असतात."

त्यांनी मानेत हात घालून मोटार हलवून पाहिली. हलली नाही. "मसाला कुणी लावला?"

"मी."

"चांगला लावलाय," ते म्हणाले. इतक्या दिवसांत माझ्याशी बोललेलं हे पहिलं गोड वाक्य.

मग ठरलं की पातेलं काढायचं, बाकी आहे तसं साडीत झाकायचं आणि तोंड उघडायचं नाही. आत धान्य भरताना खिडकीतून गहू भळाभळा बाहेर यायला लागले, म्हणून बल्बच्या मागे आतून उशी कोंबली. बल्ब काढायला वेळच मिळाला नाही. वर हिरवी जरीची साडी अशी चापूनचोपून नेसवली की थोरलीपेक्षा धाकटी देखणी दिसू लागली. आत्याबाई आल्या आणि मुखवटा मोटारीच्या दांड्यावर बसवून सुतळीने करकचून बांधू लागल्या.

"हिचा गळा असा लटपट का करून राह्यला?"

"जुनी झाली असेल, आत्याबाई."

"मागच्या साली तर बराबर व्हती." त्यांनी माझ्याकडे बघितलं, ह्यांच्याकडे बघितलं आणि आणखी एक गाठ मारली.

दुसऱ्या दिवशी महापूजा झाली, नैवेद्य झाला. आत्याबाई एकदा "साडी झकास नेसवली" असंही म्हणाल्या. मी मनातल्या मनात जालन्याच्या एस.टी.त खिडकीशेजारची जागा धरली. संध्याकाळी हळदीकुंकू. नवा डीपी आज येतोय म्हणून ह्यांनी आराशीच्या सगळ्या माळा एका बोर्डाला जोडून ठेवल्या. मोटारवाल्याला मोकळी वायर दिसली की हात थांबत नाही. पाटाखालून एक वायर आलेली दिसली, तीही त्यांनी जोडली. ती धाकटीच्या साडीतून आलीय हे त्यांच्या लक्षात आलं ते पुढे. सगळ्या गल्लीच्या लक्षात आलं तेव्हा.

घर बायांनी भरलं होतं. समयांच्या उजेडात सुभद्राकाकू पुढे झाल्या, धाकटीची ओटी भरली आणि हात जोडून म्हणाल्या, "माय, आमचं काही चुकलं-माकलं असंल तर पोटात घाल."

तेवढ्यात लाइट आली.

धाकटीच्या पोटात लाल उजेड पडला. मग तिने सावकाश मान डावीकडे वळवली. थांबली. मग उजवीकडे वळवली. पुन्हा डावीकडे. मुकुटाचे घुंगरू वाजत होते.

"न्हाई म्हणून राह्यली," मागून कुणीतरी पुटपुटलं.

सुभद्राकाकूंनी मटकन बसकण मारली. "आक्का," त्या आत्याबाईंना म्हणाल्या, "तुमचं पितळी पातेलं हारपलं न्हाई. माझ्याकडंच हाय. चेपलं म्हणून म्या लपवलं व्हतं."

महालक्ष्मीने उजवीकडे मान वळवली.

तिकडे बसलेल्या एका बाईला वाटलं आता आपली पाळी. "बांधावरच्या शेवग्याच्या शेंगा म्या तोडल्या आक्का, पोरांनी न्हाई."

महालक्ष्मी डावीकडे वळली. तिकडून उसनी नेलेली चाळणी निघाली. पुन्हा उजवीकडे. तिकडून माझ्या लग्नात, नवरी जरा सावळीच हाय, असं बोलल्याचं निघालं. मी बोर्डाकडे धावणार तोच आत्याबाईंनी माझं मनगट धरलं.

"थांब जरा," त्या हळूच म्हणाल्या. "अजून दोघी राह्यल्यात."

त्या दोघींचंही झाल्यावर आत्याबाई शांतपणे उठल्या, पाटाखाली हात घातला आणि वायर ओढून काढली. "झालं," त्या बायांना म्हणाल्या, "तिनं पोटात घातलं. आता प्रसाद घ्या."

सगळ्या गेल्यावर त्यांनी साडीवरून धाकटीच्या पोटावर टकटक केलं. उशीला बोट लागलं. माझा चेहरा पडला. कॉलेज गेलं, हे दिसतच होतं. हे बोर्डापाशी उभे राहून भिंतीकडे बघत होते.

"कॉलेज कवा चालू हाय तुझं?" आत्याबाईंनी विचारलं.

"सोमवारी. पण आत्याबाई, मी..."

"जा. जल्दी जा. अन् रोज येणं-जाणं न्हाई करायचं. हॉस्टेलला राह्य."

"हॉस्टेलचा खर्चा..." हे म्हणाले.

"तो परवडंल," आत्याबाई म्हणाल्या.

अशी मी आमच्या गल्लीतली हॉस्टेलला राहून शिकलेली पहिली सून झाले. पुढे नोकरी लागली, आणि मी आयुष्यभर जिल्हा परिषदेच्या शाळेत विज्ञान शिकवलं. नुकतीच निवृत्त झाले. निरोप समारंभात मुख्याध्यापकांनी त्या काळात नव्या सुनेला हॉस्टेलला पाठवणाऱ्या सासूच्या पुरोगामी विचारांचं भरभरून कौतुक केलं, टाळ्या वाजल्या, काही बायांनी डोळे पुसले. आत्याबाई आता पार थकल्यात. पहिल्या रांगेत बसून त्यांनी सगळं नीट ऐकून घेतलं. मग शेजारी बसलेल्या आमच्या ह्यांच्या कानाशी तोंड नेलं आणि सगळ्या हॉलला ऐकू जाईल अशा आवाजात विचारलं,

"म्हंजी आता ही दिवसभर घरीच राहणार का?"