फुलबॅकची साक्ष

मॅच सुरू व्हायले दहा मिनिटं होती अन् आमच्या गोलपोस्टसमोर एक वासरू मरून पडलं होतं. पोट फुगलेलं. डोळ्यांवर माश्या. रेफरी सीटी हातात घेऊन साहेबाकडं पाहून राहिला होता.

साहेब म्हणजे आमच्या ठेकेदाराचा मॅनेजर. टीम त्याची. तो खुर्चीवरून उठला. आमा अकरा जणांवरून त्याची नजर फिरली अन् माह्यावर येऊन थांबली.

"तू ओढ रे. तुमचं तर कामच आहे ते."

शुद्ध मराठीत बोलला. नागपूरकडचाच होता, म्हणून त्याले माहीत होतं मी कोण. बाकीचे दहा बिहारचे, बंगालचे, रायपूरचे. दोन वर्षं सोबत खेळत होते. त्यांना माही जात माहीत नव्हती. एकानं हळूच विचारलं, "क्या बोले साहब?" मराठी समजणाऱ्या एका रायपूरवाल्यानं त्याच्या कानात सांगतलं. झालं. समजलं सगळ्यांना.

मी उभाच होतो. अंगात टीमची पिवळी जर्सी.

"उशीर होतोय," साहेब म्हणाला.

मी वाकलो. वासराचे मागचे दोन पाय धरले. मैदानाच्या काठापर्यंत अन् तिथून नाल्यापर्यंत ओढत नेलं. मागं लाल मुरमावर पट्टा उमटत गेला. पाणी मागतलं तर पाणीवाल्यानं लोटा हाती दिला नाही, वरून ओतलं. कालपर्यंत त्याच लोट्यानं पेत होतो.

सीटी वाजली. समोर रशियन मेकॅनिकांची टीम होती. मी फुलबॅक. एकही गोल होऊ देला नाही. बॉल अडवला की आमचा राइट हाफ दरवेळी पाठीवर थाप मारे. त्या दिवशी त्यानं हात उचलला अन् तसाच खाली नेला. मॅच संपल्यावर रशियनांचा मीशा आला, लालबुंद चेहऱ्याचा उंच माणूस. त्यानं माहा हात धरून जोरानं हलवला. मले बरं नाही वाटलं. त्यानंही सगळं पाहिलं होतं. त्याच्यासमोरही लाजच वाटली.

हे रशियनांच्या मदतीनं पोलादाचा कारखाना उभा होऊन राहिला होता तवाचं. भिलाईत जिकडं पाहा तिकडं खड्डे, गर्डर, क्रेन अन् धूळ. आमी भंडाऱ्याकडचे. माहा बा नागपूरहून दीक्षा घेऊन आला अन् पाटलाले तोंडावर सांगतलं, मेलेलं ढोर आता आमी ओढणार नाही. गावानं किराणा बंद केला. चक्की बंद केली. मजुरी बंद केली. बा डगमगला नाही. एक दिवस माय, मी अन् लहान बहीण रमा, तिघांना घेऊन रेल्वेत बसला. "तिथं कारखाना नवा हाय," म्हणे. "तिथं गाव नाही."

गाव नाही. किती आनंदानं बोलला होता तो.

बा पायव्याच्या खोदकामावर लागला. मी खलाशी झालो. उंचावर चढायचं, गर्डर बांधायचे, खाली पाहायचं नाही. फुटबॉल मी कामठीले मामाकडं राहून शिकलो होतो. एका रविवारी कॅम्पातल्या पोट्ट्यांसोबत खेळताना साहेबानं मले पाहिलं. दुसऱ्या दिवशी उंचावरून उतरवून स्टोअरमधी बसवलं अन् राहायले विटांची खोली देली. काम नावाचं, खेळायचा पगार. पायात बूट. वाटलं, जिंकलो.

मंग बाच्या कमरेवर मातीचा कडा कोसळला. उठून बसता येई, खोदता येत नव्हतं. आता घर माह्या पायांवर होतं. टीम सुटली तर स्टोअर सुटणार. स्टोअर सुटलं तर खोली सुटणार. रमाची शाळाही. साहेबाले हे सगळं माहीत होतं. म्हणूनच त्यानं अकरा जणांतून मले निवडलं, मी नाही म्हणू शकत नव्हतो.

त्या सायंकाळी मी घरी पोचायच्या आधी बातमी पोचली होती. बा भिंतीले टेकून बसला होता.

"खरं हाय का?"

"हो."

"कावून ओढलं?"

"खोली गेली असती, बा."

भिंतीले हात टेकून तो ताठ बसला. मंग म्हणाला, "मी घर सोडलं, वावर सोडलं, माही माय मेली तर तिच्या मातीले नाही गेलो त्या गावात. अन् तू इथं जर्सी घालून ओढलं."

मले राग आला. बाचाच आला. साहेबावर काढता येत नव्हता, तो त्याच्यावर काढला. "तुह्या कमरेनं खोली राहते का?" असं बोललो. बोललो मी हे. माय मधात पडली.

त्यानंतर मी खेळतच राहिलो. चहाच्या वेळी माहा कप वेगळा झाला. ट्रकमधी माह्या बाजूची जागा रिकामी राहू लागली. मैदानात मात्र कोणाले माही अडचण नव्हती. तिथं सगळे ओरडत, "रोको उसको! रोको!" मी रोखे. टीम जिंके. मंग पुन्हा ट्रकमधी एकटा. सुटायले वाट दिसत नव्हती. इथून बाहेर पडायलेही खेळच लागणार होता.

कलकत्त्याच्या एका क्लबचा माणूस त्याच दिवसांत आला. धोतर, काळी छत्री. माह्या दोन मॅच त्यानं पाहिल्या अन् मले बाजूले घेतलं. "एक सीज़न हमारे यहाँ खेलो. बाद में टीम रंगून जाएगी. बस, अपने साहब से छुट्टी की चिट्ठी ले आओ."

रंगून. मीशाले सांगतलं तर त्यानं मुरमावर काडीनं नकाशा काढला. इथं भिलाई, इथं कलकत्ता, मधात समुद्र, पलीकडं रंगून. मी त्या रेघांकडं पाहतच राहिलो. तिथं मले कोणी ओळखत नव्हतं.

चिठ्ठी मागायले साहेबाकडं गेलो. त्यानं बसायले नाही सांगतलं. टेबलावर दोन कागद ठेवले. एक माही चिठ्ठी, टाइप करून तयार. दुसरा माह्या नावानं लिहिलेला जबाब होता, पोलिसांना द्यायचा.

बानं साहेबावर तक्रार केली होती. शिवाशिवीच्या कायद्याखाली. सातवीतल्या रमानं शाळेतल्या हिंदीत अर्ज लिहिला, बानं अंगठा देला अन् कमरेले फडका बांधून दोघं ठाण्यात जाऊन देऊन आले. मले पत्ता नव्हता.

"यावर सही कर, ती चिठ्ठी घे अन् जा कलकत्त्याला," साहेब म्हणाला. आवाज अगदी गोड.

मी चौथी शिकलेला. हळूहळू वाचलं. 'मी स्वतःच्या मर्जीने वासरू हटवले. मला कोणी सांगितले नाही. वडिलांची तक्रार खोटी आहे. वडिलांना दारूचे व्यसन असून त्यांचे डोके ठिकाणावर नसते.'

पेन माह्या हातात होतं. खोटं नाही सांगत, पेन मी उचललं होतं. शेवटच्या ओळीवर अडलो.

"उद्या दुपारपर्यंत सांगतो, साहेब."

घरी आलो. माय म्हणे, "कर सही. निघून जा इथून. एक तरी सुटू दे." रमा रडत होती, तिले वाटलं मी तिले मारीन. बाले मी कागदात काय आहे ते सांगतलं. दारूचंही सांगतलं. दीक्षा घेतल्यापासून त्या माणसानं दारूचा थेंब तोंडाले लावला नव्हता. कंबर मोडली तवा लोक म्हणत, घोटभर घे, दुखणं थांबते. नाही घेतली. कण्हत राहिला.

बा म्हणाला, "सही तुही हाय. मी तुहा हात नाही धरत."

एवढंच. शिव्या देल्या असत्या तर सोपं गेलं असतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी साहेबासमोर उभा राहिलो.

"सही नाही करत, साहेब."

"का?"

"माहा बा दारू पेत नाही."

साहेब हसला. "एवढंच ना? ती ओळ काढून टाकू."

त्यानं खरंच लाल पेन्सिलनं ती ओळ खोडली अन् कागद पुढं सरकवला. तवा मले तो माणूस पूर्ण दिसला. त्याच्यासाठी ती नुसती एक ओळ होती. लिहिता येते, खोडता येते. माह्या बाचं अख्खं आयुष्य होतं ते.

"बाकीचंही खोटं हाय," मी म्हटलं. "तुमीच सांगतलं होतं. सगळ्यांसमोर."

"रंगून विसर मग. अन् खोली खाली कर."

मी निघालो. मले बहादुरी वगैरे काही वाटली नाही.

दुर्गच्या कोर्टात केस उभी राहिली. टीममधल्या एकानंही काही पाहिलं नव्हतं. राइट हाफ खाली पाहून बोलला, "मैं उस टाइम जूता बाँध रहा था." मीशा तवापर्यंत आपल्या देशी परतला होता. माही पाळी आली. साहेबाच्या वकिलानं विचारलं, "मारा किसी ने? बाँधा तुमको? नहीं? तो फिर खींचा क्यों?"

"डर के मारे," मी म्हटलं. "खोली जाईल म्हणून भ्यालो. इनोंने बोला, अन् मी ओढलं."

बा समोर बसला होता. त्यानं मान वर केली. मी भ्यालो होतो हे मी पहिल्यांदा मोठ्यानं बोललो, तेही भरल्या कोर्टात. लाज वाटायची ती वाटली. पण या वेळी एकट्यालेच नाही वाटली. साहेबानं रुमालानं मान पुसली.

एकच साक्ष, अन् तीही तक्रारवाल्याच्या पोराची. साहेब सुटला.

खोली गेली. सुपेला बस्तीच्या पलीकडं बांबूच्या ताटव्यांची झोपडी टाकली. रमाची शाळा दूर पडली, तरी ती पायी जाऊ लागली. क्लबची टीम माह्याविना रंगूनले गेली. ते दुखणं गेलं असं मी म्हणणार नाही. आजही कोणी समुद्रापलीकडचं नाव काढलं की मी उठून जातो.

कामाले निघालो. एका ठेकेदाराच्या गेटावर मुन्शीनं नाव विचारलं, कागदावरून डोळे वर केले. "तू वही है न? साहब पर केस करने वाला?"

तोंडात 'नाही' आलं होतं.

"वही हूँ."

"काम नहीं है."

दुसऱ्या गेटावर तेच. तिथं मी लवकर हो म्हटलं. तिथंही काम नव्हतं.

तिसऱ्या गेटावर लंबी लाइन होती. ऊन तापलं होतं. माहा नंबर आला, मुन्शीनं पेन उचललं. त्यानं विचारायच्या आधीच मी बोललो. आधी माहं नाव. मंग बाचं नाव, पूर्ण. मंग जात काय होती अन् आता धर्म काय आहे ते.

"साहेबावर केस करणारा मीच. पुन्हा बोलावलं तर पुन्हा हेच सांगीन. आता बोल, काम देतो का नाही?"

मुन्शी पाहत राहिला. मी नजर खाली केली नाही.