चाचांचे हसणे

बाबांची सारी नोकरी कारखान्यात, अजस्र घण चालत त्या विभागात गेली. तिथल्या गोंगाटात माणसे हातांनीच बोलत: काम, शिव्या, डब्यातली भाजी, सगळेच. पुढे बाबांचे कान गेले, ती बोली मात्र राहिली. निवृत्तीनंतरही ते आणि त्यांचे जोडीदार चाचा इंद्रपुरीतल्या आमच्या व्हरांड्यात रोज संध्याकाळी तशाच गप्पा मारत. चाचांचे हसणे तेवढे खणखणीत. बाबा म्हणत, "कानाचं यंत्र लावलं की तेवढं एक ऐकू येतं मला."

मागच्या वर्षी 'ऐकणे' या विषयावर छोटा माहितीपट करणारा एक तरुण आला. चाचांनी त्याच्या बुचड्याकडे बघत बोटाचा आकडा करून वर नेला. बाबा मला म्हणाले, "म्हणतो, याला क्रेनला टांगायची सोय आहे!" आणि चाचा जे हसत सुटले, ते थांबेनात.

"अंकल, थोड़ा सीरियस रहिए ना," तरुण म्हणाला.

हिवाळ्यात चाचा गेले.

तुलसी नगरजवळच्या सभागृहात माहितीपटाचा खेळ होता, त्या दिवशी बाबांनी इस्त्रीचा बुशशर्ट घातला, कानाच्या यंत्रात नवा सेल टाकला. "आज पडद्यावर हसेल बघ तो."

पडद्यावर थरथरणारे चार हात, रडकी बासरी आणि वर निवेदन: "इनकी सुनने वाला कोई नहीं।" हसणे कुठेच नाही. रोज त्या दोघांपुढे चहा ठेवून तिथेच बसणारी मी मग कोण होते? ऐकण्यावर चित्रपट काढणाऱ्याने एवढेही ऐकू नये?

चारचौघांत माझा आवाज फुटत नाही. तरीही खेळानंतरच्या प्रश्नोत्तरांत मी माइक मागितला आणि चाचांच्या हसण्याचे चित्रीकरण आम्हाला मिळेल का, असे विचारले.

"आंटी, उससे मूड टूट रहा था," मंचावरून तो गोडपणे म्हणाला. "डिलीट कर दिया।"

बाबांनी तळवा उलटा करून मला विचारले: काय म्हणतो?

त्याचे उत्तर मी का द्यावे?

"मेरे पिताजी पूछ रहे हैं, आपने क्या कहा," मी म्हणाले. "नीचे आइए। उन्हें आप ही बताइए।"

तो मंचावरून उतरून बाबांसमोर येऊन उभा राहीपर्यंत मी माइक सोडला नाही.