ऑरिन टटलचं शेवटचं वाक्य

ऑरिन टटल पहिल्यांदा म्हातारा झाला तेव्हा तो जेमतेम बावीस वर्षांचा होता. ओहायोतल्या कुठल्याशा गावात नाटक कंपनीचा खेळ लागला होता, आणि म्हाताऱ्यांची कामं करणारा नट दुपारपासून ढोसून खानावळीच्या जिन्याखाली आडवा झाला होता. ऑरिन तेव्हा निरोप्याचं काम करायचा. आत यायचं, चिठ्ठी द्यायची, बाहेर जायचं. मॅनेजरने त्याची मानगूट धरली, हनुवटीला डिंक फासला, वर पांढरी दाढी चिकटवली आणि म्हणाला, "आज तू नायिकेचा बाप. वाकून चाल आणि नाकात बोल." ऑरिन वाकून चालला, नाकात बोलला, आणि शेवटच्या अंकात असा काही मेला की पुढच्या रांगेतल्या बायकांनी भराभरा रुमाल काढले. झालं! त्या दिवसापासून ती दाढी काही उतरली नाही.

फिरत्या कंपन्यांचा कारभारच तसा. एकदा माणसावर शिक्का बसला की बसला. कुणी नायक, कुणी खलनायक, कुणी विनोदी नोकर, आणि त्याने जन्मभर तेच करायचं. ऑरिन कंपनीचा 'आजोबा' झाला. नायिका त्याच्याहून चांगली दहा वर्षांनी थोरली असायची आणि हा तिचा बाप. तिच्या डोक्यावर थरथरता हात ठेवून आशीर्वाद द्यायचा आणि विंगेत आल्यावर तिच्या शिव्या खायच्या, कारण दाढीचा डिंक तिच्या केसांना लागलेला असे.

डेलिया त्याला अशाच एका कंपनीत भेटली. ती तोंडाळ मोलकरणींची कामं करायची आणि त्यासाठी तिला फारशी मेहनत घ्यावी लागत नसे. ऑरिनने लग्नाचं विचारलं तेव्हा ती म्हणाली, "माझी ना नाही. पण आधी तोंड तरी धुऊन ये. कधीची नुसती दाढीच बघतेय मी."

लग्न झालं आणि दोघांचा मिळून एकच संसार सुरू झाला, तो म्हणजे एक ट्रंक. आज हे गाव, उद्या ते. गाडीच्या बाकावर बसल्या बसल्या झोपायचं, खानावळीत गार बीन्स आणि कालचा पाव खायचा, आणि संध्याकाळी पुन्हा तोंडाला रंग. लोकांना वाटतं नटाचं आयुष्य म्हणजे टाळ्या. टाळ्या असतात, नाही असं नाही, पण टाळ्यांपेक्षा स्टेशनं जास्त असतात. ऑरिनची एकच श्रीमंती होती, त्याचं पाठांतर. साऱ्या नाटकांतले सारे म्हातारे त्याला तोंडपाठ. सकाळी सांगा, संध्याकाळी वाक्य न् वाक्य तयार. विंगेतून वाक्यं आठवून देणाऱ्या प्रॉम्प्टरला तो म्हणायचा, "माझ्या प्रवेशात तू खुशाल पेंग."

आता कंपनीवाल्यांच्या एका रीतीबद्दल सांगायला हवं, कारण सगळं त्यावरच अडलं. नाटकाचं अगदी शेवटचं वाक्य, ज्यावर पडदा पडतो, ते तालमीत कधीही उच्चारायचं नाही. कंपनीच्या भाषेत त्याला शेपूट म्हणत. तालमीत तिथवर आलं की ज्याचं वाक्य असेल त्याने नुसतं "शेपूट" म्हणायचं आणि थांबायचं. ते वाक्य पहिल्या प्रयोगाला, लोकांसमोर, पहिल्यांदा तोंडातून निघालं पाहिजे. आधी काढलंत तर नाटक बुडलंच समजा. बाहेरचा माणूस याला हसेल. हसू दे. आयोवामध्ये एका हिवाळ्यात एका शिकाऊ नायकाने शेखी मिरवत तालमीतच शेपूट म्हणून टाकलं. त्याच आठवड्यात मॅनेजर कपड्यांच्या ट्रंका घेऊन पसार झाला, कंपनी बर्फात अडकली, आणि ऑरिन-डेलिया रुळांवरून चालत पुढच्या गावाला गेले. डेलियाला दिवस गेले होते. ते मूल राहिलं नाही, आणि पुढे दुसरं झालं नाही. त्या शिकाऊ नायकाच्या वाक्यामुळे हे झालं असं डेलिया कधी म्हणाली नाही. पण त्यानंतर कुणी तालमीत शेपटाच्या जवळपास जरी आलं तरी ती उठून बाहेर जायची.

मग चित्रपट आले. नाटकगृहांत सिनेमाचे पांढरे पडदे लागले, कंपन्या एकेक करून मोडल्या, आणि टटल नवराबायको सगळ्यांसारखेच कॅलिफोर्नियाला आले. तिथे ऑरिनला कामाला तोटा पडला नाही. न्यायाधीश, शेरीफ, गावचा डॉक्टर, दिवाळखोर बाप. बहुतेक पहिल्या रिळात आशीर्वाद आणि दुसऱ्या रिळात मरण. स्टुडिओतही सगळे त्याला आजोबाच म्हणत, आणि आता त्यात थट्टा अशी काही उरली नव्हती. दाढी त्याची स्वतःची होती. गुडघे खरेच दुखत होते. उन्हात दिवसभर उभं राहून एका नजरेपुरतं काम करायचं, आणि बोलायचं काहीच नाही. मुक्या चित्रपटात ओठ हलवले की पुरे. ऑरिन मजेने ओठ हलवून काहीही पुटपुटायचा, खानावळींची नावं, स्टेशनांची नावं. पाठ करायला काही नव्हतंच.

डेलियाने काम कधीच सोडलं होतं. तिच्या डोळ्यांत काचबिंदू झाला, आणि बघता बघता दिवा आणि खिडकी यांपलीकडे तिला काही दिसेनासं झालं. तरी ती त्याच्याबरोबर चित्रपटाला जायची. पडद्यावरची अक्षरं तो तिच्या कानात वाचायचा. मागचे लोक शुक् शुक् करायचे, आणि डेलिया वळून म्हणायची, "आंधळीला नवरा वाचून दाखवतोय. तुम्हाला काय, अक्षरं जड जातात?" पण एकदा ती घरी येताना म्हणाली, "ऑरिन, मी आता नाही येणार. तू मरतोस तेव्हा पियानोवाला काहीतरी रडकं वाजवतो, तेवढंच मला कळतं. तू तिथे आहेस असं काही वाटत नाही." त्याला ते फार लागलं.

म्हणून बोलपट आले तेव्हा शहरातले अर्धे नट भीतीने अर्धमेले झाले आणि ऑरिन मात्र दाढी विंचरून स्टुडिओत हजर झाला. आवाज तपासला. आवाज नाटकवाल्याचा, शेवटच्या रांगेपर्यंत जाणारा. हॅस्केल नावाच्या तरुण दिग्दर्शकाने ऐकला आणि म्हणाला, "आजोबा, स्टेशनमास्तर तुम्हीच. चित्रपटभर कंदील घेऊन इकडून तिकडे जायचं. आणि शेवटचं वाक्य तुमचं."

घरी येऊन त्याने सांगितलं तेव्हा डेलिया बटाटे सोलत होती. तिने सुरी खाली ठेवली.

"शेवटचं? म्हणजे शेपूट?"

"शेपूटच. एकच वाक्य, पण शेपूट."

"काय आहे ते?" तिने विचारलं आणि लगेच हात वर केला. "नको, नको! सांगू नकोस. घरात तोंडातून काढलंस तर याद राख. मी थिएटरात ऐकणार. पहिल्या खेळाला." मग थोड्या वेळाने, बटाटा तसाच हातात धरून, म्हणाली, "किती वर्षं झाली रे तुझं काम ऐकून?"

ती त्याच दिवशी शेजारणीला सांगून आली, पाववाल्याला सांगून आली. ऑरिन ते वाक्य मनातल्या मनात म्हणत राहिला. मोठ्याने एकदाही नाही.

चित्रीकरणाचा दिवस भयंकर उकाड्याचा होता. आवाज पकडला जाईल म्हणून पंखे बंद, दारं बंद, कॅमेरा आणि कॅमेरावाला दोघेही एका पेटीत कोंडलेले. मायक्रोफोन तिकिटाच्या खिडकीजवळच्या फुलदाणीत लपवलेला. दिव्यांखाली उभं राहून ऑरिनच्या पायांना रग लागली होती. नायक होता क्लाइड मर्सर, गोरापान, आज्ञाधारक पोरगा. तो नायिकेला घेऊन फाटकाबाहेर गेला. ऑरिनने कंदील उचलला, रुळांकडे पाहिलं आणि म्हणाला, "शेपूट."

यंत्राच्या खोलीतून आवाजवाला ओरडला, "काय म्हणाले ते?"

"आजोबा, वाक्य," हॅस्केल म्हणाला.

"तालीम आहे ना? तालमीत म्हणत नाहीत ते, साहेब. आमच्यात तशी रीत आहे."

सगळे हसले. हॅस्केलही हसला, पण सभ्यपणे. "अहो आजोबा, इथे कुठली तालीम न् कुठला प्रयोग? आवाजवाल्याला तुमचा आवाज ऐकायचाय. त्याशिवाय त्याला यंत्र लावता येत नाही. म्हणा पाहू."

ऑरिनला ते पटलं. त्याने पुन्हा कंदील उचलला, रुळांकडे पाहिलं, आणि तोंडातून आलं, "शेपूट." आता कुणी हसलं नाही. तिसऱ्यांदा त्याने मनाशी ठरवलं, डेलियाचीही मनात माफी मागितली, म्हणायचंच. ओठ उघडले, थांबले, आणि पुन्हा तोच एक शब्द पडला. इतक्या वर्षांची सवय, तोंड ऐकत नाही, असं त्याने स्वतःला सांगितलं.

हॅस्केल जवळ आला. घामाने त्याचा सदरा अंगाला चिकटला होता. त्याने ऑरिनच्या खांद्यावर हात ठेवला. "जाऊ द्या, आजोबा. होतं असं, या वयात. क्लाइड, वळून बघ आणि वाक्य तू म्हण."

"मी विसरलो नाही," ऑरिन म्हणाला. "साहेब, ही रीत आहे. मी विसरलेलो नाही."

"नाही, नाही, कोण म्हणतंय?" हॅस्केल म्हणाला आणि तोवर तो पाठमोरा झाला होता. क्लाइडने वाक्य म्हटलं. पहिल्या झटक्यात, बिनचूक.

डेलियाला हे सांगायला ऑरिनची जीभ रेटली नाही. तिने विचारलं, "झालं का शेपूट?" तो म्हणाला, "झालं." खोटं नव्हतं तसं. आणि त्यानंतरचे आठवडे त्याने रोज आज सांगू, उद्या सांगू करत घालवले. तिने जुनी टोपी काढली, तिचं पीस शेजारणीकडून नीट करून घेतलं. तिला टोपी कशी दिसते ते दिसत नव्हतं, तरी आरशासमोर उभी राहिली. मग सांगणं आणखीच अवघड झालं.

वस्तीतल्या थिएटरात चित्रपट लागला त्या शनिवारी दुपारच्या पहिल्या खेळाला दोघं गेले. डेलिया खुर्चीच्या कडेवर बसली होती. कंदिलाची कडी कुरकुरली की ती त्याच्या मांडीवर चापटी मारायची. "हा तू. चालतोस अजून तसाच, डावा पाय ओढत." शेवट जवळ आला तशी ती गप्प झाली आणि तिने त्याचा हात घट्ट धरला. फाटक वाजलं. ऑरिनने पडद्याकडे पाहिलंच नाही. तो तिच्या चेहऱ्याकडे बघत होता, आणि क्लाइड मर्सर बोलला तेव्हा त्या चेहऱ्यावर काय झालं ते त्याने पाहिलं. वाक्य काय होतं ते त्याच्या कानात शिरलंही नाही.

लोक उठले, टोप्या घालत बाहेर पडले. ही दोघं बसून राहिली.

"तो तू नव्हतास," डेलिया म्हणाली.

"नाही."

"का?"

त्याने सांगितलं. सगळं सांगितलं, उकाडा, फुलदाणी, तीनदा शेपूट. "मी विसरलो नव्हतो, डेली. मी रीत पाळली. त्यांना वाटलं थेरडा विसरला."

पुढच्या रांगांत एक झाडूवाला शेंगांची टरफलं गोळा करत होता. मग तिने टोपी सरळ केली. "आज पहिला खेळ आहे ना?"

"आहे."

"लोकांसमोर झाला ना? मग आता म्हणायला कुणाची हरकत आहे? ऊठ. मी टोपी घालून आलेय ती त्या पोरट्याला ऐकायला नाही. उभा राहून म्हण."

ऑरिन उठला. पुढची खुर्ची धरून ताठ उभा राहिला. छाती भरून श्वास घेतला, शेवटच्या रांगेपर्यंत जाईल असा. हातात कंदील नव्हता, तरी हात उचलला. आणि मग काही नाही. त्याने पुन्हा श्वास घेतला. आयोवा आठवलं, बर्फ आठवला, पहिल्या नाटकातल्या बापाची सगळी भाषणं एकामागून एक आठवली, आणि हे एवढंसं वाक्य कुठेच नव्हतं. झाडूवाला झाडू थांबवून बघत होता.

त्याच्या कमरेच्या उंचीवरून, खुर्चीतून, अगदी हळू आवाज आला. विंगेतून प्रॉम्प्टर देतो तसा, नटाला पोचेल आणि लोकांना कळणार नाही इतकाच. "चला, दिवा..."

"चला, दिवा मालवतो," ऑरिन म्हणाला. आवाज रिकाम्या थिएटरात मागच्या भिंतीपर्यंत गेला. "यायचे ते सगळे आले."

तो खाली बसला. गुडघ्यांवर हात ठेवून जमिनीकडे बघत राहिला.

"डेली," काही वेळाने तो म्हणाला, "त्या दिवशीही असंच झालं होतं का गं?"

डेलियाने चाचपून त्याचा हात शोधला आणि आपल्या मांडीवर घेतला.

"त्या दिवशी तू रीत पाळलीस," ती म्हणाली. "कुणी विचारलं तर मी तसंच सांगणार, आणि तूही तसंच सांगायचं."