दारावरचा तिसरा ठोका

हसायचं आसंल तर आत्ताच हसून घ्या, लेकानो! मागनं दात काढले तर मी उठून जाईन. घोळ माझ्या हातनं झाला, आन् त्योबी कुनासंगं? थेट बिशपसंगं! बिशप म्हंजी समद्या पाद्र्यांचा थोरला सायेब.

साल पासष्ट-सहासष्ट आसंल. स्कॉटलंडात एका मोठ्या चर्चात मी रंग-पॉलिशच्या कामाला व्हतो. तीन म्हैन्यांची ट्रायल. नोकरी पक्की झाली की गावाकडनं माझी कारभारीन सखू येनार. तिची लुगडीबिगडी बांधून तयार, फकस्त पक्क्या नोकरीचं पत्र अडलेलं.

त्यात नवा बिशप गादीवर बसायचा दिस ठरला. फोरमन मॅकी म्हनला, "म्होरलं मोठं दार नवं कर. आन् त्यावर एक ओरखडा दिसला, तर तू घरी!"

आठ दिस घासलं मी त्ये दार! व्हार्निशचे चार हात दिले. तोंड दिसत व्हतं त्यात, तोंड!

ठरल्या दिशी, शनवारी, कामाचा ओव्हरऑल घालून पायरीपाशी राखनीला बसलो. दार आतनं बंद. एक लांबलचक काळी मोटार आली. गळ्यात सोन्याची साखळी घातलेला जाडजूड गडी उतरला. म्हनलं, ह्योच बिशप! कडक सलाम ठोकला. त्यो बाजूच्या दारानं आत गेला. आता त्यो गावचा नगराध्यक्ष हाय, ह्ये मला कोन सांगनार?

बिशप आत, मी निवांत. चहाचा मग तोंडाला लावला, आन्…

ठक्क!

बगतो तर एक म्हातारा! अंगावर सोनेरी झूल, डोक्यावर टोकदार टोपी, मागं धा-बारा पांढरे झगेवाले, आन् काठीच्या बुडानं माझं दार बडवतोय! काठीबी मेंढक्याची, वर वाकडी. माझ्या बापानं जल्मभर मेंढरं राखली, मला वळखाय येत न्हाई व्हय?

ठक्क! दुसरा!

टाळकंच फिरलं माझं! चहा गेला उडत. तीन ढांगांत वर गेलो आन् काठी मधोमध धरली. निम्मं इंग्रजी, निम्मं मानदेशी, तोंडाचा पट्टा सुरू!

"ए बाबा! डोळं फुटलं का? नवं व्हार्निश हाय!"

म्हातारा म्हनला, "बाळा, अजून एक राहिलाय."

"एक राहिलाय? हितं काय लिलाव चाललाय?"

"तिसऱ्या ठोक्यालाच दार उघडतं."

"मग बाजूनं जा की! बिशपसायेब गेलं तितनं, तुला काय शिंगं फुटल्यात?"

मागचा एक झगेवाला लालबुंद झाला. "सोड ती काठी!"

"तू मधी बोलू नगंस!"

आता तुमीच सांगा. आपल्याकडं सायेब येनार म्हनलं की कमान उभारत्यात, हार घिऊन वेशीपत्तुर जात्यात. दार बडवायची येळ बायकोनं कडी लावल्यावर येती, सायबावर न्हवं! पन ह्यांची रीतच उलटी. नवा बिशप भाईरनं आपल्या मानाच्या काठीनं तीन ठोके देतो, मगच त्याला आत घेत्यात!

त्यो वढतोय, मी वढतोय. म्हातारा हलका गडी न्हवता. मागनं कळलं, तरुनपनी खानकामगारांच्या वस्तीत पाद्री व्हता, लढाईत जहाजावर व्हता. शेवटाला मी हिसडा मारला आन् काठी माझ्या हातात!

"दार कसं वाजवायचं, त्ये बग!" म्हनलो. खिशातलं फडकं काठीच्या बुडाला गुंडाळलं आन् हळूच वाजवलं.

टक.

तिसरा!

दार सताड उघडलं! कर्णे वाजले! सात-आठशे मानसं उभी ऱ्हायली! म्होरला पाद्री कंबरंत वाकून नमस्कार करतोय… कुनाला? मला! अंगात ओव्हरऑल, हातात काठी, मिशीला चहा! फोटोवाल्यानं दिवा चमकवला. आन् पैल्या रांगेत माझा सोन्याच्या साखळीवाला 'बिशप', आ वासून!

गेली नोकरी! ऱ्हायली सखू गावाकडंच!

म्हाताऱ्यानं मागनं खांद्यावर हात ठेवला. "आता काठी दे. आन् मला आत येऊ देतोस का?"

सोमवारी मॅकीनं मला दारापाशी उभा केला. बिशपबी आला. दारावर दोन खड्डे. मॅकी बोट दावून वरडला, "ह्ये बघा, सायेब!"

बिशप वाकला, चष्मा लावला. "हे दोन माझे. तिसऱ्याची खूण कुठाय?"

न्हवतीच!

"मग हा मानूस ठेव, मॅकी."

पत्र मिळालं, सखू आली. धा-बारा वर्सांनी म्हातारा निवृत्त झाला. निरोपाच्या दिशी काठी खाली ठिवताना आख्ख्या चर्चात नजर फिरवली, माझ्यावर आल्यावर डोळा मारला!

पुन्यांदा नवा बिशप यायचा ठरला. मी फडकं, व्हार्निश घिऊन तयार. तर मॅकीनं पगारी सुट्टी दिली, वर हातात पार तिकडं वेल्समधल्या कार्डिफचं तिकीट! सोता ठेसनावर सोडाय आला.

खिडकीतनं इचारलं, "मॅकी, कार्डिफात माझ्या वळखीचं चिटपाखरूबी न्हाई. तितं हाय तरी काय?"

"काही नाही," मॅकी म्हनला. "तिथं आमचं दार नाही!"