तीन सेकंदांचं हसू

माझ्या फिल्मच्या संकलनाला कुणी सफाईदार म्हटलं की मला राग येतो. ती सफाई कशी आली, ते त्यांना माहीत नसतं.

नव्वदीची सुरुवात होती. खुलं आर्थिक धोरण आलं होतं आणि शहराबाहेरच्या एका जुन्या कारखान्यात माणसं कमी करायचं घाटत होतं. मला तिथल्या कामगारांवर माहितीपट करायचा होता. आत शिरायला मिळालं ते काचीगुड्यातल्या आमच्या शेजारच्या काकांमुळे. ते तिथे फिटर होते. स्वेच्छानिवृत्तीच्या कागदावर कुणी सही करायची नाही, असं तेच सगळ्यांना बजावत होते. "आपल्या घरची पोर आहे, बिनधास्त बोला," म्हणून त्यांनी माझी ओळख करून दिली. जेवणाच्या सुट्टीत मी कॅमेऱ्यामागून त्यांची थट्टा केली, "काका, आजही अंबाडीच? काकू रुसल्यात वाटतं!" काका डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसले. ते मी टिपलं.

माहितीपट अर्ध्यावर अडकला, कुणालाच तो नको होता. मग कारखान्याच्या साहेबांनीच मला बोलावलं. स्वेच्छानिवृत्ती किती फायद्याची, हे कामगारांना पटवणारी छोटी फिल्म त्यांना हवी होती. मी हो म्हटलं. नाइलाज होता वगैरे सांगत नाही. मला पडद्यावर स्वतःचं नाव बघायची घाई झाली होती.

चिक्कडपल्लीतल्या एका भाड्याच्या खोलीत एडिटिंगला बसले. साहेबांचं भाषण रटाळ होतं. "कुणावरही सक्ती नाही," या वाक्यानंतर एखादा हसरा चेहरा हवा होता आणि माझ्याकडे तो एकच होता. तीन सेकंद लावून पाहिले. इतके चपखल बसले की मी स्वतःवरच खूश झाले. काकांना विचारावं, हे मनात आलं नाही असं नाही. आलं, आणि मी पुढच्या शॉटकडे वळले.

फिल्म कॅन्टीनमधल्या टीव्हीवर दाखवली गेली. काही दिवसांनी काका आमच्या दारात येऊन उभे राहिले. चपला काढल्या नाहीत.

"बेटी, साहेब बोलत होते तेव्हा मी हसलो होतो का गं?"

"नाही, काका."

"मग मला कैकू हसवलंस?"

फिल्ममध्ये असं करावंच लागतं, असं काहीतरी मी बोलू लागले. त्यांनी हातानंच थांबवलं.

"लोकांना वाटलं, यानं गुपचूप सही केली. मी कसम खाऊन सांगितलं, नाही केली म्हणून. कोण ऐकतंय? टीव्हीत दिसलं ना सगळ्यांना. एकेक करून सगळे सही करून आले."

"आणि तुम्ही?"

"एकटा राहून काय करू? आज केली."

ती फिल्म दाखवून मला पुढची कितीतरी कामं मिळाली. काकांनी मला कधी बोल लावला नाही, याचीच मला जास्त चीड येते. माझ्या लग्नाला आले, अक्षता टाकल्या, पोटभर जेवले. फोटोसाठी सगळ्यांना स्टेजवर बोलावलं तेव्हा माझ्या शेजारी येऊन उभेही राहिले. फोटोवाल्यानं कॅमेरा डोळ्याला लावला तसे ते मुकाट्यानं खाली उतरले. मी त्यांना हाक मारली नाही.