कवठी चाफ्याचं मूळ

नवऱ्याला अंबत्तूरच्या कारखान्यात नोकरी लागली आणि आम्ही पुणं सोडून मद्रासला आलो. ऐंशीच्या सुमाराची गोष्ट. टी. नगरच्या एका आतल्या गल्लीत घर मिळालं. खाली आम्ही, वर मालक. ते तंजावरकडचे मराठी, रेल्वेतून निवृत्त झालेले, बायको नुकतीच गेलेली. त्यांचं मराठी जुन्या वळणाचं, तमिळ हेलाचं. 'पाहिजे'च्या जागी ते 'होणें' म्हणत.

"तुम्हास काय होणें तें सांगा," पहिल्याच दिवशी ते म्हणाले, "पण मागच्या झाडास हात नको."

ते झाड म्हणजे कवठी चाफा. माझ्या खांद्याएवढा, बारा महिने हिरवागार, पिकल्या कवठाच्या वासाची फुलं देणारा. मालकांच्या बायकोनं तो लावला होता. पण भोवतीची माती उघडी होती आणि पश्चिमेची भिंत दुपारभर आग ओकायची. पानांच्या कडा करपताना मला बघवेना. मातीला गारवा देणारं काहीतरी सोबतीला लावूया, असं मी पुन्हापुन्हा म्हणत राहिले. शेवटी महिनाभरासाठी मुलीकडे जाताना ते कबूल झाले. चपलेनं त्यांनी मातीत एक रेघ ओढली. "लावा. पण ह्याच्या आत खणूं नका."

मी अबोली आणली, सावलीसाठी कर्दळ आणली. रेघेबाहेर जमीन दगडासारखी होती. कर्दळ जरा जवळ असली तर सावली नीट पडेल, असं मनाला समजावून मी आत खणायला लागले. तिसऱ्या घावाला काहीतरी मऊ तुटलं. बोटाएवढं जाड, पांढरं, रसरशीत मूळ. मी घाईघाईनं त्यावर माती ओढली.

आठवड्यात पानं पिवळी पडू लागली. रोज सकाळी मी ती वेचून टाकायची. बोअरचं पाणी खारट, म्हणून पिण्याच्या पाण्यातलं तांब्याभर त्याला घालायची. नवरा वैतागला. "अगं, झाडच आहे ना ते?"

"त्यांच्या बायकोचं आहे," मी म्हटलं. मूळ तुटल्याचं त्यालाही सांगितलं नव्हतं. मालकांना पत्र लिहायला दोनदा बसले, दोन्ही कार्डं फाडली.

ते चार दिवस आधीच परतले. फाटक वाजलं. पिशवी हातात तशीच धरून ते थेट मागे गेले. उकिडवे बसले, बोटांनी माती बाजूला केली. तुटलेलं टोक काळं पडलं होतं.

"कोणी?"

"मी."

"केव्हां?"

"तुम्ही गेलात त्याच्या दुसऱ्या दिवशी."

ते उठले आणि जिना चढून गेले. तीन दिवस वरून खोकल्याशिवाय आवाज आला नाही. आपण घर सोडू या, असं मी नवऱ्याला म्हणाले, आणि तेव्हाच त्याला सगळं सांगितलं.

चौथ्या दिवशी ते खुरपं आणि कात्री घेऊन खाली आले. "या इकडे." कर्दळ आम्ही माती फारशी न हलवता हळूच सोडवली. अबोली कुंड्यांत गेली. मग त्यांनी स्वतः चाफ्याच्या फांद्या छाटल्या. "मूळ कमी झालें, तर वरचा भारही कमी होणें," ते म्हणाले. भिंतीलगत, झाडापासून बरंच लांब, त्यांनी केळ लावली. बुंध्याभोवती आम्ही नुसता पालापाचोळा पसरला.

न राहवून मी विचारलं, "तुम्ही मला रागावला का नाहीत?"

ते कात्री पुसत राहिले. "तिनेंही एकदा मोगरा लावतांना ह्याचें मूळ तोडलें होतें. मी महिनाभर तिच्याशीं बोललों नाहीं." कात्री मिटून म्हणाले, "एक महिना उगाच गेला."

दोन महिने झाड तसंच उभं राहिलं, ना जगलेलं ना मेलेलं. कार्तिकात तिकडचा मोठा पाऊस पडून गेल्यावर शेंड्याला तांबूस कोंब दिसला. भिंतीकडची फांदी मात्र वाळली ती वाळलीच.