संदीप कसा पडला

माझ्या बायकोला माझ्या बहुतेक लबाड्या माहीत आहेत. ही नाही. आईला नाही, मित्रांना नाही, आणि ज्याला सगळ्यात आधी कळायला हवी होती त्याला तर — त्याला मी बरोबर उलटंच पटवून दिलं. तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून तुम्हाला सांगायला बसलोय. तरीही सुरुवात कुठून करावी ते धड ठरत नाही.

कॉम्प्युटरपासून करतो.

आम्ही नाशिकला गंगापूर रोडला राहायचो. मी अकरावीत गेलो तेव्हा बाबांनी घरी कॉम्प्युटर आणला, अभ्यासासाठी म्हणून. त्याच जूनमध्ये माझा मावसभाऊ संदीप सिन्नरहून आमच्याकडे राहायला आला, माझ्याच कॉलेजात. माझ्यापेक्षा काही महिन्यांनी लहान आणि चांगला वीतभर उंच. आम्ही दोघंही बास्केटबॉल खेळायचो. मी शाळेपासून सिमेंटच्या कोर्टवर, चांगले बूट घालून, प्रत्येक सुट्टीत शिबिराला जाऊन. तो सिन्नरला शाळेच्या मागे, मुरमाच्या मैदानात, जाळी नसलेल्या रिंगवर. तो आला आणि महिनाभरात मैदानावरची पोरं टीम पाडताना आधी त्याचं नाव घ्यायला लागली.

तो काही साधाभोळा नव्हता, हेही सांगतो. बास्केट पडली की दोन्ही हात वर करून फिरायचा. घरी येऊन पहिल्या घासालाच माझ्या आईला सांगायचा, ‘मावशी, आज अभि नुसता उभा व्हता गं.’ आई हसायची. त्याला आणखी एक पोळी वाढायची. मी पण हसायचो — काय करणार?

घरी मात्र मी जिंकायचो. कॉम्प्युटरवर बास्केटबॉलचा एक गेम होता, कॉलनीतल्या कुणाकडून तरी सीडी आणून टाकलेला. जॉयस्टिक माझ्याकडे, कीबोर्ड त्याच्याकडे. आमच्या त्या कीबोर्डवर तीन-चार बटणं एकदम दाबली की त्यातलं एखादं लागायचंच नाही. त्याचा खेळाडू ऐन वेळी उडी मारायचा नाही, नुसता उभा राहायचा. मला कारण माहीत होतं. त्याला वाटायचं आपलीच बोटं चुकतात. मी कधी सांगितलं नाही. हे छोटंसं झालं, पण आधी सांगितलेलं बरं.

त्या गेममध्ये रिप्ले होता. एक बटण दाबलं की खेळ थांबायचा आणि आत्ता जे घडलं ते पुन्हा बघता यायचं. हळू करून, उलटं फिरवून, कॅमेरा पार जमिनीपर्यंत खाली आणून. लोक स्वतःची बास्केट बघायला ते वापरत असतील. मी संदीपच्या चुका बघायला वापरायचो. त्याच्या हातून बॉल सुटला की थांबव. त्याचा खेळाडू आपटला की थांबव. कॉलनीतली पोरं दुपारी आमच्याकडे जमलेली असायची, त्यांच्यासमोर तेच तेच दाखवायचं. तो कीबोर्डकडे हात न्यायचा, पुढे ढकलायला, आणि मी त्याचं मनगट धरायचो. ‘थांब ना, बघू दे सगळ्यांना.’ मैदानावर जे सोसायचो ते मी असं घरी वसूल करून घ्यायचो.

त्या हिवाळ्यात जिल्ह्याच्या टीमची निवड होती. आमच्या वयाच्या मुलांसाठी निवडचाचणीचा सामना ठेवला होता, आणि आमचे बास्केटबॉलचे सर सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले होते की जागा एकच आहे, संदीप किंवा अभिजित, दोघांतला एक. आम्ही एकमेकांविरुद्ध खेळत होतो. सरांना विचारायची गरजच नव्हती. सामना अर्धा झाला तोवर कोण जाणार ते बाहेर बसलेल्या पोरांनाही कळलं होतं.

मग कुणीतरी बॉल टाकला, तो रिंगला लागून वर उडाला आणि संदीप त्याच्यामागे वर गेला. मी त्याच्या शेजारीच होतो. मी उडी मारली नाही. अशा वेळी सगळे वर बघतात, बॉलकडे — पोरं, सर, शिट्टी घेऊन उभा असलेला माणूस, सगळे. मी खाली बघितलं. तो कुठे उतरणार ती जागा बघितली, आणि माझा उजवा पाय तिथे सरकवला.

चुकून गेला का? नाही. पाय मागे घ्यायला वेळ होता का? होता.

त्याचा बूट माझ्या बुटावर आला, पाय कलंडला, गुडघा आत वळला. तो लगेच ओरडलासुद्धा नाही. आधी माझ्याकडे बघितलं त्याने. तोवर मी दोन पावलं मागे सरकलो होतो आणि ‘काय झालं रे, काय झालं’ म्हणत पुढे येत होतो.

रिक्षातून दवाखान्यात नेताना त्याचं डोकं माझ्या मांडीवर होतं. घामाने भिजला होता. म्हणाला, ‘खाली काहीतरी व्हतं रे. बूट व्हता कुणाचा तरी.’ मी त्याचे केस मागे सारले आणि म्हणालो, ‘बोलू नको.’

गुडघ्यातला लिगामेंट फाटला होता. आधी ऑपरेशन, मग लांबलचक पट्टा, आणि महिनोन् महिने पाय टेकवायचा नाही. मावशी, म्हणजे संदीपची आई, सिन्नरहून आली आणि आमच्याकडेच राहिली. जिल्ह्याच्या टीममध्ये माझं नाव लागलं. मावशीने स्वतः माझ्या हातावर पेढा ठेवला.

आणि संदीप बोलत राहिला. आईला सांगायचा, मावशीला सांगायचा, भेटायला आलेल्या प्रत्येकाला सांगायचा — ‘मी बरोबर उतरलो व्हतो. खाली बूट व्हता.’ माझं नाव घेत नव्हता. पण बोलता बोलता थांबायचा आणि माझ्याकडे बघायचा. सर भेटायला येणार आहेत असं कळलं, तेव्हा माझी झोप उडाली. खरं सांगायला हवं होतं हे कळत नव्हतं असं नाही. मी दुसराच विचार करत होतो.

त्या गेममध्ये आपल्याला हवा तसा खेळाडू तयार करता यायचा. नाव, उंची, रंग, केस, पाठीवरचा नंबर. मी एक संदीप तयार केला — उंच, सावळा, बारीक कापलेले केस, त्याचा होता तोच नंबर. आणि शेजारी एक अभिजित. खऱ्या संदीपला तो पाहून हसू आलं. ‘च्यायला, नाक पण माझंच टाकलंस की.’ हॉलमधल्या दिवाणावर त्याचा पाय उशीवर ठेवलेला असायचा. कॉम्प्युटरचं टेबल मी ओढत त्याच्याजवळ आणलं. आईला कौतुक वाटलं, भावाचं मन रमवतोय म्हणून.

मी दोघांना विरुद्ध टीममध्ये टाकायचो आणि खेळत बसायचो. बॉल रिंगला लागून उडावा, तो खेळाडू वर जावा, आणि वाकडातिकडा खाली यावा — असं काही होईपर्यंत खेळत राहायचो. कॉलेजातून आल्यावर दुपारभर तेच. शेवटी एकदा झालं. स्क्रीनवरचा संदीप उतरताना आपटला. आजूबाजूला कुणी नव्हतं. मी रिप्लेचं बटण दाबलं, कॅमेरा खाली आणला, त्याच्या बुटांपाशी.

‘हे बघ. मी कुठे आहे? इथे. तुझा पाय कुठे? मध्ये कुणी आहे का?’

‘हा गेम हाय, अभि.’

‘गेमच आहे. पण अगदी असंच झालं होतं. मी समोर होतो ना, मी बघितलंय. तू हवेत होतास, तुला खालचं काय दिसणार?’

मी उलटं फिरवलं, तो खेळाडू जमिनीवरून उठून हवेत गेला. मग पुन्हा सोडलं. पुन्हा पडला. ‘गुडघा बघ, आत गेलाय बघ.’ त्या गेममध्ये एकाच्या पायावर दुसऱ्याचा पाय पडून कुणी पडूच शकत नव्हतं, खेळाडूंचे पाय एकमेकांतून आरपार जायचे. हेही मला माहीत होतं.

रोज दाखवलं. रोज तोच प्रसंग मिळायचा नाही, मग त्यातल्या त्यात जवळचा. पोरं जमायची, आणि त्यांनाही चटक लागली. ‘अभ्या, संद्याचं पडणं लाव ना.’ मी लावायचो. सगळे हसायचे. पट्ट्यात बांधलेला पाय समोर घेऊन बसलेला संदीपही हळूहळू हसायला लागला. एक दिवस मी कॅमेरा खाली आणला आणि माझ्याआधी तोच बोलला — ‘हां, इथं. इथं माझा गुडघा आत गेला.’

मला काय वाटलं असेल? लाज? सुटल्यासारखं? मला आनंद झाला. सरळ, स्वच्छ आनंद. त्याच्या डोक्यात शिरून मी त्याच्या आठवणीतला माझा बूट काढून घेतला होता.

सर आले तेव्हा मी पाण्याचा ट्रे घेऊन उभा होतो. त्यांनी विचारलं, ‘संदीप, तू म्हणत होतास कुणाचा तरी पाय खाली आला. कुणाचा?’

‘नाय सर. माझीच चूक झाली. चुकीचा उतरलो मी.’

सर म्हणाले, असं होतं कधीकधी, मनाला लावून घेऊ नकोस. ते गेल्यावर मावशी त्याच्यावर चिडली. इतके दिवस लोकांच्या पोरांवर संशय घेत होतास, म्हणाली. त्याने मान खाली घातली. आणि ती आत गेल्यावर मला जवळ बोलावून हळूच म्हणाला, ‘अभि, मला मधी वाटलं व्हतं — तूच पाय घातला. राग मानू नको.’

तेव्हा मी त्याला माफ केलं. नुसतं माफ केलं नाही, वर सुनावलं. म्हणालो, ‘ठीक आहे. पण घरच्या माणसाबद्दल असं मनात आणायचं नसतं.’ त्याचे डोळे भरून आले. त्याने माझा हात धरला होता, तो मीच सोडवून घेतला.

इथे थांबलो असतो तर भित्रेपणा म्हणता आला असता. पकडलं जाण्याची भीती होती, म्हणून केलं. पण आता भीती संपली होती. त्याने सरांसमोर, आईसमोर, सगळ्यांसमोर कबूल केलं होतं. त्यानंतरही तो आमच्याकडे परीक्षा होईपर्यंत होता, आणि त्यानंतरही मी त्याला ते दाखवत राहिलो. कशाला? गरज नव्हती म्हणूनच जास्त मजा यायची. मावशी समोर भाजी निवडत बसलेली असायची, तिलाही एकदा बोलावून दाखवलं. ती चष्मा लावून स्क्रीनपाशी वाकली आणि तो खेळाडू पडताना बघून डोळ्यांना पदर लावला. मी तिच्यासाठी आणखी हळू केलं.

परीक्षेनंतर तो सिन्नरला परत गेला, बारावी तिथेच केली. त्याचा गुडघा पुन्हा पुरता वाकला नाही. मी जिल्ह्याच्या टीमबरोबर एका स्पर्धेला गेलो, बहुतेक वेळ बाहेर बसलो, आणि पुढच्या वर्षी खेळणं सोडलं. सोडताना काही वाटलं नाही.

काही वर्षांनी त्याने सिन्नरला घर बांधलं. वास्तुशांतीला आम्ही सगळे गेलो. तोवर त्याचं लग्न झालं होतं, एमआयडीसीत नोकरी होती, आणि सुट्टीच्या दिवशी तो त्याच्या जुन्या शाळेत पोरांना बास्केटबॉल शिकवायचा. जेवणं व्हायची होती. म्हणाला, चल, पोरं दाखवतो. मुरमाचं मैदान तसंच होतं, पोरं अनवाणी होती. त्याने सगळ्यांना गोल उभं केलं.

‘उडी मारणं सगळ्यांनाच येतं. उतरणं शिका. मी चुकीचा उतरलो आणि माझा खेळ गेला. हा माझा भाऊ. यानं डोळ्यांनी बघितलंय. अभि, जरा करून दाखव रं, माझा पाय वळत नाय.’

पोरं माझ्याकडे बघत होती. मी पाहुण्याचे कपडे घातले होते, नवे. मी बूट काढले, उडी मारली, आणि उतरताना गुडघा आत वळवून दाखवला. व्यवस्थित दाखवला. एका मुलीने विचारलं, ‘काका, खरंच असेच पडले सर?’

मी म्हणालो, ‘हो. असाच पडला.’

घरी आलो तेव्हा पंगत बसली होती. संदीपने मला आपल्या शेजारी बसवलं आणि वाढणाऱ्या बायकोला सांगितलं, अभि नसता तर माझं काय चुकलं ते मला कधी कळलंच नसतं. तिने माझ्या पानात पुरणपोळीवर तुपाची धार धरली. मी तिला पुरे म्हणालो नाही.